प्लेस्टेशन ३ : डाउनलोड केलेले गेम वारंवार सुरू होत नाहीत – कारणे, उपाय आणि जतन

प्लेस्टेशन ३ या सोनीच्या गेम खेळण्याच्या यंत्रावर विकत घेऊन डाउनलोड केलेला गेम कालपर्यंत व्यवस्थित चालत असतो आणि आज अचानक सुरू होत नाही, ही तक्रार एकदा मिटली तरी काही महिन्यांनी पुन्हा डोके वर काढते. कधी गेमच्या चित्रावर कुलूप दिसते, कधी इन्स्टॉल अर्ध्यावर थांबून एरर कोड येतो, कधी गेम सुरू होता होता यंत्र गोठते, तर कधी इंटरनेट जोडलेले असेपर्यंत सगळे सुरळीत चालते आणि केबल काढताच काहीच चालत नाही. हे चार वेगवेगळे बिघाड आहेत, पण त्यांवर बहुतेक वेळा एकच उपाय सांगितला जातो : गेम डिलीट करा आणि पुन्हा डाउनलोड करा.

हा उपाय बऱ्याचदा लागू पडतो, मात्र तो का लागू पडला हे क्वचितच पाहिले जाते. डाउनलोड करण्यासाठी आधी प्लेस्टेशन नेटवर्क या सोनीच्या ऑनलाइन सेवेवर साइन-इन करावे लागते. साइन-इन झाले की यंत्राचे घड्याळ जुळते, गेमबरोबर लायसन्सही नव्याने येते आणि गेम चालू लागतो. हार्ड डिस्कवरचा डेटा अनेकदा आधीही धडधाकटच असतो. मूळ बिघाड जागच्या जागी राहतो, म्हणून तो परत येतो. आणि मधल्या काळात आपण हातातली चांगली प्रत पुसून ती परत मिळवण्यासाठी सर्व्हरच्या भरवशावर बसलेलो असतो. २००६ साली बाजारात आलेल्या यंत्राच्या बाबतीत ही जोखीम विनाकारण पत्करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. डिलीट करण्याची वेळ सगळ्यात शेवटी यावी.

गेम चालण्यासाठी काय काय जागेवर असावे लागते

डाउनलोड केलेला गेम चालण्यासाठी तीन गोष्टी एकाच वेळी शाबूत असाव्या लागतात. पहिली म्हणजे हार्ड डिस्कवर इन्स्टॉल झालेला गेमचा डेटा. दुसरी म्हणजे तो चालवण्याचे लायसन्स. ही एक वेगळी लहानशी फाइल असते आणि ज्या खात्यावरून गेम विकत घेतला त्या खात्याच्या युजरखाली ती साठवली जाते. तिसरी म्हणजे यंत्राची स्वतःची ओळख आणि त्याचे अंतर्गत घड्याळ, ज्यांच्या आधारे लायसन्स वैध आहे की नाही हे ठरते. जतन करायचे म्हणजे हा सगळा संच जतन करायचा. केवळ डेटा सांभाळून ठेवला आणि लायसन्स गेले, तर गेमची फाइल हार्ड डिस्कवर असूनही उपयोगाची राहत नाही. लायसन्स आहे पण हार्ड डिस्क मेली, तर सर्व्हर सुरू असेपर्यंतच निभावते.

म्हणून कोणत्याही उपायाला हात घालण्यापूर्वी बिघाड या तिघांपैकी कोठे आहे ते ठरवावे, आणि त्यासाठी फार खटपट करावी लागत नाही. ब्लू-रे डिस्कवरचा एखादा गेम लावून पाहावा. तो नीट चालत असेल आणि विकत घेऊन डाउनलोड केलेले सगळेच गेम एकदम अडत असतील, तर संशय घड्याळावर किंवा यंत्राच्या ॲक्टिव्हेशनवर (खात्याचे गेम चालवण्यासाठी झालेल्या यंत्राच्या नोंदणीवर) घ्यावा. बाकी गेम चालून एकच अडत असेल, तर दोष त्या गेमच्या डेटात किंवा लायसन्समध्ये आहे. ब्लू-रे डिस्कवरचा गेमही मध्येच गोठत असेल, मेनू सरकवताना अडखळत असेल आणि सेव्ह व्हायला नेहमीपेक्षा जास्त वेळ लागत असेल, तर आधी हार्ड डिस्क तपासावी आणि तोपर्यंत तिच्यावर नवे काही लिहू नये. ब्लू-रे डिस्कच वाचली जात नसेल आणि 80010514 हा कोड येत असेल, तर तो ड्राइव्हच्या लेझरचा वेगळा प्रश्न आहे. त्याचा डाउनलोड केलेल्या गेमशी संबंध नाही.

घड्याळाची बॅटरी

यंत्र मुख्य विजेपासून तोडले की आत घड्याळ चालू ठेवण्याचे काम सीआर२०३२ प्रकारची, नाण्याएवढी एक बॅटरी करते. वर्षानुवर्षे झिजून ती संपते. मग वीज गेली किंवा प्लग काढून ठेवला की पुढच्या वेळी यंत्र सुरू होताना तारीख आणि वेळ विचारते किंवा भलतीच जुनी तारीख दाखवते. अनेकजण तारीख हाताने भरून पुढे जातात आणि येथेच फसगत होते. मेनूत दिसणारी वेळ आपण बदलू शकतो. लायसन्ससाठी यंत्र जे अंतर्गत सुरक्षित घड्याळ पाहते ते हाताने लावता येत नाही. नेटवर्कवर साइन-इन झाल्यावरच त्याला खरी वेळ मिळते. त्यामुळे बॅटरी संपलेल्या यंत्रावर ब्लू-रे डिस्कवरचे गेम चालत राहतात, विकत घेऊन डाउनलोड केलेले गेम मात्र साइन-इन होईपर्यंत अडून बसतात. ‘इंटरनेट असले तरच चालते’ या तक्रारीमागे बहुतेक वेळा हेच कारण असते.

हे घड्याळ किती महत्त्वाचे आहे याचा प्रत्यय १ मार्च २०१० रोजी जगभर आला. जुन्या, जाड मॉडेलांच्या घड्याळाने २०१० हे लीप वर्ष धरले, तारीख चुकली, आणि त्या मॉडेलांच्या असंख्य मालकांना 8001050F हा कोड दिसू लागला. साइन-इन होईना, ट्रॉफींची (गेममधील कामगिरीबद्दल मिळणाऱ्या बक्षिसांची) माहिती उघडेना आणि कित्येक गेम सुरूच होईनात. त्या वेळी बॅटरीचा काही दोष नव्हता आणि सुमारे एका दिवसात तारीख पुढे सरकल्यावर अडचण आपोआप मिटली. परंतु धडधाकट डेटा आणि वैध खरेदी असूनही केवळ वेळ चुकल्यामुळे गेम अडू शकतो, हे तेव्हा सर्वांना दिसले.

उपाय साधा आहे. यंत्राचा प्लग काढून काही तास ठेवावा आणि पुन्हा सुरू करावे. तारीख टिकली नाही, तर बॅटरी बदलावी. बॅटरीची जागा आणि तिची जोडणी मॉडेलनुसार बदलते आणि तिच्यापर्यंत पोहोचण्यासाठी यंत्र उघडावे लागते, म्हणून आपल्या मॉडेलचा क्रमांक पाहून त्याच मॉडेलची उघडण्याची पद्धत आधी नीट वाचावी. हाताला सवय नसेल तर जाणकार दुरुस्ती करणाऱ्याकडे द्यावे. बॅटरी बदलल्यानंतर लगेच नेटवर्कवर साइन-इन करावे, तारीख-वेळेच्या सेटिंगमध्ये इंटरनेटवरून वेळ घेण्याचा पर्याय वापरावा, आणि मग नेटवर्क तोडून गेम चालतो का ते पाहावे. हे काम स्टोअर आणि साइन-इनची सेवा सुरू असतानाच उरकून घेणे शहाणपणाचे आहे, कारण सेवा बंद झाल्यावर बॅटरी गेली तर खरी वेळ देणारे कोणीच उरणार नाही.

ॲक्टिव्हेशन, युजर आणि कुलूप

एका खात्यावर एका वेळी दोनच प्लेस्टेशन ३ यंत्रे ॲक्टिव्हेट करता येतात. नोव्हेंबर २०११ पूर्वी ही मर्यादा पाच होती, आणि ज्यांच्याकडे त्या काळापासूनची यंत्रे आहेत त्यांच्या मनात अजूनही जुना आकडा घर करून असतो. जुने यंत्र बंद पडले, विकले गेले किंवा कोणाला देऊन टाकले आणि त्यापूर्वी त्याचे ॲक्टिव्हेशन काढले नाही, तर त्याने अडवलेली जागा तशीच अडून राहते. मग नव्या यंत्रावर गेम डाउनलोड होतो, इन्स्टॉलही होतो, पण सुरू होत नाही. अशा वेळी संगणकावरून खात्याच्या व्यवस्थापनात जाऊन सर्व यंत्रांचे ॲक्टिव्हेशन एकदम काढता येते. ही सोय सहा महिन्यांतून एकदाच वापरता येते, म्हणून ती वापरण्यापूर्वी खरोखर दुसरा मार्ग नाही याची खात्री करून घ्यावी. त्यानंतर हाताशी असलेले यंत्र लगेच पुन्हा ॲक्टिव्हेट करावे.

साइन-इनच होत नसेल आणि पासवर्ड बरोबर असेल, तर खात्यावर दोन टप्प्यांची पडताळणी सुरू आहे का ते पाहावे. प्लेस्टेशन ३ ला पडताळणीचा कोड विचारता येत नाही. त्यासाठी खात्याच्या सुरक्षा सेटिंगमध्ये उपकरणासाठीचा स्वतंत्र पासवर्ड तयार करावा लागतो आणि नेहमीच्या पासवर्डाच्या जागी तो भरावा लागतो. हे माहीत नसल्यामुळे पासवर्ड पुन्हा पुन्हा बदलत बसणारे अनेक आहेत. पडताळणी बंद करून टाकण्याचा सल्लाही दिला जातो, पण तो मला पटत नाही. ज्या खात्यावर वर्षानुवर्षांची खरेदी आहे त्याचे संरक्षण कमी करणे हा जतनाचा मार्ग होऊ शकत नाही.

युजरची बाब त्याहून नाजूक आहे. लायसन्स खरेदी करणाऱ्या खात्याच्या युजरखाली असते, परंतु ॲक्टिव्हेट केलेल्या यंत्रावर इतर युजरही तो गेम खेळू शकतात. त्यामुळे कुटुंबात अनेकांचे युजर असलेल्या यंत्रावर ‘हा युजर आता कोणी वापरत नाही’ असे समजून एखादा युजर काढून टाकला जातो, आणि त्याबरोबर त्या खात्यावरून घेतलेल्या सर्व गेमचे लायसन्स आणि त्या युजरचे सेव्ह (खेळात जतन केलेली प्रगती) नाहीसे होतात. गेमची चित्रे मेनूत तशीच दिसत राहतात, म्हणून नुकसान झाल्याचे लगेच कळतही नाही. जतन करायच्या यंत्रावरून कोणताही युजर काढू नये.

चित्रावर कुलूप दिसत असेल आणि गेम विकत न घेता प्लेस्टेशन प्लस या सोनीच्या सशुल्क सदस्यत्वातून मिळालेला असेल, तर तो बिघाड नाही. असा गेम सदस्यत्व चालू असेपर्यंतच चालतो. ८ मार्च २०१९ पासून प्लसच्या मासिक गेममध्ये प्लेस्टेशन ३ चे गेम देणे बंद झाले, परंतु त्यापूर्वी घेतलेले गेम खात्याच्या यादीत राहिले. त्यामुळे यादीत खरेदी केलेले आणि सदस्यत्वातून आलेले गेम एकमेकांत मिसळलेले दिसतात. जतनाची यादी करताना हे दोन प्रकार वेगळे लिहून ठेवावेत; दुसऱ्या प्रकारातील एखादा गेम कायम हवा असेल आणि स्टोअरमध्ये अजून उपलब्ध असेल, तर तो विकत घेणे हाच खात्रीचा मार्ग आहे.

डाउनलोड तुटणे आणि इन्स्टॉल अडणे

डाउनलोड वारंवार तुटत असेल, तर दोष बहुधा वाय-फायचा असतो. प्लेस्टेशन ३ चे वाय-फाय ८०२.११ बी आणि जी या जुन्या पद्धतींचे आहे, ते फक्त २.४ गिगाहर्ट्झवर चालते आणि डब्ल्यूपीए३ ही नवी सुरक्षा पद्धत त्याला समजत नाही. राउटर बदलल्यानंतर ‘यंत्र नेटवर्क शोधतच नाही’ अशी तक्रार येते, तिचे मूळ येथे असते. राउटर फक्त डब्ल्यूपीए३ वर किंवा फक्त ५ गिगाहर्ट्झवर ठेवलेला असेल, तर यंत्राला तो दिसत नाही किंवा त्याच्याशी जोडता येत नाही. मात्र या यंत्राचे लॅन पोर्ट गिगाबिट क्षमतेचे आहे. काही दिवसांपुरती का होईना, लॅन केबल जोडून सर्व डाउनलोड त्यावरूनच करावेत. राउटरच्या सेटिंगशी झुंजण्यापेक्षा हे कितीतरी सोपे पडते. मीडिया सर्व्हरशी जोडणी करण्याचा पर्यायही नेटवर्कच्या सेटिंगमध्ये बंद करून ठेवावा, म्हणजे डाउनलोड चालू असताना यंत्र घरातल्या इतर उपकरणांचा शोध घेत बसत नाही.

इन्स्टॉलच्या वेळी 80029564 हा कोड आला, तर आधी मोकळी जागा पाहावी. डाउनलोड झालेले पॅकेज आणि त्यातून इन्स्टॉल होणारा गेम हे दोन्ही काही काळ एकत्र डिस्कवर असतात, म्हणून गेमच्या आकाराच्या साधारण दुप्पट जागा मोकळी असावी लागते. १० जीबीच्या गेमसाठी १२ जीबी मोकळी जागा पुरत नाही. जागा पुरेशी असूनही तोच कोड येत असेल, तर पॅकेज अर्धवट किंवा खराब उतरले आहे असे समजावे. येथे मात्र ते अडलेले पॅकेज काढून टाकून केबलवरून पुन्हा डाउनलोड करणे योग्य ठरते, कारण इन्स्टॉल झालेली चांगली प्रत मुळात अस्तित्वातच नाही. दुसऱ्यांदाही तेच झाले, तर तिसऱ्यांदा प्रयत्न करण्याआधी सेफ मोडमधून (यंत्र दुरुस्तीसाठी सुरू करण्याच्या खास रीतीतून) डेटाबेस, म्हणजे हार्ड डिस्कवरील गोष्टींची यादी, नव्याने बांधून घ्यावा.

सेफ मोडमध्ये जाण्याची रीत एकदा हाताने करून पाहिल्याशिवाय लक्षात राहत नाही. यंत्र पूर्ण बंद असताना पॉवरचे बटण दाबून धरावे. यंत्र सुरू होताना पहिली बीप ऐकू येते, थोड्या वेळाने दुसरी, आणि त्यानंतर तिसरीबरोबर यंत्र पुन्हा बंद होते. तेव्हा बोट काढावे. आता पुन्हा बटण दाबून धरावे. एक बीप, मग आणखी एक, आणि त्यानंतर लागोपाठ दोन झटपट बीप ऐकू आल्या की बोट सोडावे. पडदा काळा राहून कंट्रोलर यूएसबी केबलने जोडण्याची सूचना येते, आणि जोडल्यावर सहा पर्यायांची यादी उघडते. त्यातील तिसरा पर्याय फाइल सिस्टिम दुरुस्त करतो आणि चौथा डेटाबेस नव्याने बांधतो. या दोन्हींमुळे गेम किंवा सेव्ह पुसले जाणे अपेक्षित नसते, परंतु चौथ्यामुळे मेनूतील निरोप, प्लेलिस्ट अशा किरकोळ गोष्टी जातात. पाचवा पर्याय संपूर्ण डिस्क फॉरमॅट करतो. चौथ्या आणि पाचव्या ओळीत फक्त एका बोटाचे अंतर आहे. घाईत असताना ही यादी उघडू नये.

हार्ड डिस्क

मूळ हार्ड डिस्क आता बहुतेक यंत्रांत पंधरा वर्षांच्या आसपास जुनी झालेली आहे, आणि माझ्या मते जतनाच्या कामात सर्वाधिक लक्ष हिच्याकडे द्यावे लागते. यंत्र आपणहून फाइल सिस्टिम तपासण्याची सूचना देत असेल आणि तरीही वीज गेल्याचे किंवा यंत्र अचानक बंद झाल्याचे आठवत नसेल, तर तो डिस्क थकल्याचा इशारा समजावा. तोच गेम त्याच ठिकाणी दरवेळी अडतो, हीदेखील खराब सेक्टरची, म्हणजे हार्ड डिस्कच्या निकामी झालेल्या बारीक भागाची, खूण आहे.

डिस्क साधी २.५ इंची साटा आहे आणि ती मालकाने बदलावी अशीच रचना केलेली आहे. जाड मॉडेलात बाजूचे प्लॅस्टिकचे झाकण काढले की निळ्या रंगाचा एक स्क्रू दिसतो. तो सोडवून डिस्कचा कप्पा बाहेर ओढता येतो, आणि कप्प्यात डिस्क चार लहान स्क्रूंनी बसवलेली असते. निळा स्क्रू मऊ धातूचा वाटतो. योग्य मापाचा स्क्रूड्रायव्हर न वापरता जोर लावला तर त्याची खाच झिजते आणि मग साधे काम अवघड होऊन बसते. काढलेली डिस्क संगणकाला जोडून तिच्या आरोग्याची नोंद वाचता येते, आणि बदललेले तसेच प्रलंबित सेक्टर किती आहेत ते कळते. मात्र त्या वेळी संगणक ही डिस्क ओळखत नाही आणि ‘फॉरमॅट करायची का’ किंवा ‘इनिशियलाइझ करायची का’ असे विचारतो. नाही म्हणावे. डिस्कवरील सर्व माहिती त्या विशिष्ट यंत्राच्या किल्लीने एन्क्रिप्ट केलेली असते, म्हणून संगणकाला ती रिकामी भासते.

याच एन्क्रिप्शनमुळे बंद पडलेल्या यंत्रातील डिस्क काढून दुसऱ्या यंत्रात घातली तर काहीही मिळत नाही. दुसरे यंत्र ती फॉरमॅट करायलाच सांगते. जाड मॉडेलांमध्ये यंत्र सुरू होताना पिवळा दिवा लागून ते बंद पडण्याचा कुप्रसिद्ध दोष आहे. तो आला की डिस्क उत्तम स्थितीत असूनही आतले सेव्ह आणि गेम यंत्र जिवंत होईपर्यंत अडकून पडतात. बॅकअप ‘पुढच्या महिन्यात’ न ढकलता आज घ्यावा असे मी आग्रहाने म्हणतो, ते या एका कारणासाठी.

बॅकअप आणि डिस्क बदलणे

सिस्टिम सेटिंगमधील बॅकअपची सोय संपूर्ण डिस्कची प्रत यूएसबी डिस्कवर घेते. यूएसबी डिस्क फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेली असावी लागते; एनटीएफएस किंवा एक्सफॅट डिस्क यंत्राला दिसतच नाही. विंडोजची नेहमीची फॉरमॅटची खिडकी ३२ जीबीपेक्षा मोठ्या डिस्कसाठी फॅट३२ चा पर्याय दाखवत नाही, त्यामुळे मोठ्या डिस्कसाठी वेगळे साधन वापरावे लागते. यूएसबी २.० चा वेग आणि डिस्कचे वय पाहता मोठ्या बॅकअपला कित्येक तास लागतात, तेव्हा तो वीज जाणार नाही अशा वेळी सुरू करावा. सुरू करण्यापूर्वी ट्रॉफी सर्व्हरशी जुळवून घ्याव्यात आणि नको असलेले डेमो व व्हिडिओ काढावेत.

हा बॅकअप काय करतो आणि काय करत नाही, हे स्पष्ट ठेवावे. त्याच यंत्रावर तो परत टाकला तर गेम आणि कॉपीबंदी असलेले सेव्ह परत मिळतात. दुसऱ्या यंत्रावर टाकला तर अशा संरक्षित गोष्टी मिळत नाहीत. शिवाय परत टाकताना डिस्कवर त्या वेळी जे असेल ते सगळे पुसले जाते. एवढ्यासाठी कॉपी करता येणारे सेव्ह स्वतंत्रपणेही यूएसबीवर उतरवावेत. सेव्हवर ट्रायंगल बटण दाबून कॉपीचा पर्याय निवडला की ते आपोआप योग्य फोल्डरात जातात, आणि संगणकावर त्यांच्या आणखी दोन प्रती ठेवता येतात. दोन्ही यंत्रे चालू स्थितीत असतील, तर डेटा ट्रान्स्फरची सोय लॅन केबलने एकातून दुसऱ्यात सर्व नेते. कॉपीबंदी असलेले सेव्ह त्यात जुन्या यंत्रावरून हलवले जातात आणि तेथे उरत नाहीत, हे मात्र सुरू करण्यापूर्वी लक्षात घ्यावे.

नवी डिस्क ९.५ मिलिमीटरपेक्षा जाड नसावी. एसएसडीही चालते, आणि तिचा मुख्य लाभ वेगापेक्षा शांतपणा आणि धक्क्यांना दाद न देणे हा आहे. नवी डिस्क घातल्यावर बहुतेक मॉडेले सिस्टिम सॉफ्टवेअर यूएसबीवरून मागतात, म्हणून ते सोनीच्या अधिकृत संकेतस्थळावरून आधीच उतरवून ठेवावे. यूएसबीवर ‘पीएस३’ या नावाचे फोल्डर आणि त्यात ‘अपडेट’ या नावाचे फोल्डर, दोन्ही नावे रोमन लिपीत मोठ्या अक्षरांत, आणि त्यात अपडेटची फाइल मूळ नावाने असा क्रम असावा. नावात एखादे अक्षर चुकले तरी यंत्र फाइल सापडली नाही असे सांगते. ही फाइलदेखील बॅकअपबरोबर कायमची जपून ठेवावी, कारण तिच्याशिवाय उद्या कोरी डिस्क यंत्रात बसवूनही उपयोग होणार नाही. जुनी डिस्क फॉरमॅट न करता नाव लिहून कोरड्या जागी ठेवावी.

स्टोअर अजून सुरू आहे तोवर

मार्च २०२१ मध्ये सोनीने प्लेस्टेशन ३ चे स्टोअर २ जुलै २०२१ रोजी आणि व्हिटा या हातात धरून खेळायच्या यंत्राचे २७ ऑगस्ट रोजी बंद करण्याचे जाहीर केले होते. त्यावर मोठी नाराजी व्यक्त झाली आणि १९ एप्रिल रोजी हा निर्णय या दोन यंत्रांपुरता मागे घेण्यात आला. मात्र २७ ऑक्टोबर २०२१ पासून यंत्रावरून कार्ड किंवा पेपॅलने पैसे भरता येत नाहीत. संगणकावरून किंवा गिफ्ट कार्डने खात्याच्या वॉलेटमध्ये पैसे टाकूनच खरेदी करावी लागते. खरेदीच्या वेळी कार्ड नाकारले जाण्याची तक्रार ही त्यातलीच आहे. कार्डात दोष नसतो.

इतर यंत्रांचा अनुभव पाहिला तर खरेदी आधी बंद होते आणि पूर्वी घेतलेले पुन्हा डाउनलोड करण्याची सोय काही काळ राहते. निन्टेंडोचे वी शॉप ३० जानेवारी २०१९ रोजी, त्यांच्याच वी यू आणि ३डीएसचे ई-शॉप २७ मार्च २०२३ रोजी आणि एक्सबॉक्स ३६० चे स्टोअर २९ जुलै २०२४ रोजी खरेदीसाठी बंद झाले, तेव्हा हेच घडले. एखादा गेम विक्रीतून काढला गेला तरी ज्यांनी तो आधी घेतला त्यांच्या डाउनलोड यादीत तो सहसा दिसत राहतो. ‘स्कॉट पिलग्रिम व्हर्सेस द वर्ल्ड’ हा गेम डिसेंबर २०१४ मध्ये विक्रीतून गेला आणि जानेवारी २०२१ मध्ये नव्या यंत्रांसाठी परत येईपर्यंत जुन्या मालकांच्या प्रती हाच त्याचा आधार होता. म्हणून स्टोअरमध्ये शोधून गेम सापडला नाही तर तो गेला असे समजू नये. डाउनलोड यादी शेवटपर्यंत उलगडून पाहावी. मोठी यादी हळू उघडते, तेवढा धीर धरावा.

व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने जुलै २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीत अमेरिकेत २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के गेम बाजारात उपलब्ध नसल्याचे आढळले. त्यामुळे डाउनलोडचा क्रम ठरवताना जे गेम ब्लू-रे डिस्कवर कधी आलेच नाहीत किंवा ‘टोकियो जंगल’प्रमाणे जपानबाहेर मुख्यत्वे डाउनलोडच्याच रूपात मिळाले, त्यांना पहिला मान द्यावा. नंतर ब्लू-रे डिस्कवर असलेल्या गेमचे पॅच (नंतर आलेल्या दुरुस्त्या) आणि विकत घेतलेला जादा भाग उतरवावा. पॅच गेम सुरू करताना येतात, म्हणून प्रत्येक डिस्क एकदा नेटवर्क जोडून लावावी. नव्या यंत्रांवर सुधारित रूपात मिळणारे गेम शेवटी घेतले तरी चालतील. आरपीसीएस३ या, २०११ पासून विकसित होत असलेल्या मुक्त एम्युलेटरमुळे (यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममुळे) संगणकावर यातील बरेच गेम चालतात, परंतु डाउनलोड केलेल्या गेमसाठी तेथेही लायसन्स लागते, आणि संरक्षण काढण्याविषयीचे कायदे देशागणिक वेगळे आहेत; ते पाहूनच त्या वाटेने जावे.

सर्व काम झाल्यावर एक तपासणी करावी. नेटवर्क केबल काढून, वाय-फाय बंद करून यंत्र पूर्ण बंद करावे आणि पुन्हा सुरू करावे. मग यादीतील प्रत्येक गेम एकेक करून निदान पहिल्या मेनूपर्यंत उघडावा आणि कागदावर खूण करावी. जो उघडणार नाही त्याच्यापुढे तो कोणत्या खात्यावरून घेतला होता ते लिहावे, केबल पुन्हा जोडून त्याच खात्याने साइन-इन करून तो एकदा चालवावा आणि केबल काढून परत पाहावा. तरीही तो अडला, तरच त्या एका गेमपुरते डिलीट करून नव्याने डाउनलोड करावे, आणि यादीत सगळीकडे खूण झाल्यावर नवा बॅकअप घ्यावा.